ट्रेस बनतोय, तुमच्यापर्यंत पोचत नाहीये

तुमची पोस्ट वाचली, एरर येते पण स्टॅक ट्रेस (कोणतं फंक्शन कोणी बोलावलं आणि कुठे फुटलं याची यादी) मिळत नाही म्हणता, आणि कपाळाला हात लावला. नोडचं (सर्व्हरवर जावास्क्रिप्ट चालवतं ते) ॲप क्लायंटच्या सर्व्हरवर. लॉगमध्ये नुसतं 'टाइपएरर: कॅनॉट रीड प्रॉपर्टीज ऑफ अनडिफाइन्ड' (म्हणजे जिथे किंमतच नाही तिथून काही वाचायला गेलो), खाली ना फाइलचं नाव ना लाइन नंबर. तुमच्या लॅपटॉपवर मात्र सगळं सुरळीत, आणि क्लायंटचे आयटीवाले म्हणतात, "लॉग पाठवलाय की." आम्ही ठाण्याच्या वागळे इस्टेटमध्ये बसून हेच भोगलंय, समोरची पार्टी नवी मुंबईत महापेला होती. म्हणून जरा लांबण लावतोय.

ट्रेस वाचायचा कसा, हे सांगत बसत नाही. ट्रेसची एकेक ओळ म्हणजे फ्रेम, वरची फ्रेम म्हणजे फुटलं ती जागा, कोलननंतर लाइन, त्यानंतर कॉलम, नोड मॉड्यूल्सच्या (बाहेरच्या लायब्ररींच्या) फ्रेम ओलांडून आपली पहिली फाइल गाठायची. ते तुम्हाला येत असणार. तुमच्याकडे वाचायला ट्रेसच नाहीये, अडचण तिथे आहे. माझं ठाम मत असं की अशा दहातल्या नऊ वेळा ट्रेस व्यवस्थित बनलेला असतो आणि सर्व्हर ते तुमचा इनबॉक्स या वाटेत कोणीतरी तो खातं.

(आधीच सांगतो, मी नोड आणि क्रोमवाला, म्हणजे जावास्क्रिप्ट चालवणारं व्ही८ इंजिन. फायरफॉक्स आणि सफारीत स्टॅकचा मजकूर वेगळ्या साच्यात येतो. रेगेक्स (मजकुराचा साचा शोधणारी खूण) लावून स्टॅक फोडणारा कोड असेल तर तिथे वेगळा तपासा.)

आमच्याकडे तो खाणारं होतं क्लायंटचं आयटी खातं. नाव घेत नाही, ठाणे-बेलापूर रोडवर अशी खाती पुष्कळ असतील. आम्ही तिकिटात लिहायचो, 'एरर लॉग द्या'. त्यांचा माणूस सर्व्हरवर 'एरर' शब्दाचा ग्रेप (शब्द असलेल्या ओळी शोधणारी कमांड) मारायचा आणि सापडलेल्या ओळी वर्ड फाइलमध्ये चिकटवून पाठवायचा. बऱ्याचदा स्क्रीनशॉटच. आता स्टॅक ट्रेस असतो अनेक ओळींचा. 'एरर' हा शब्द फक्त पहिल्या ओळीत, खालच्या सगळ्या ओळी 'ॲट'ने सुरू होतात. ग्रेपने इमानेइतबारे पहिली ओळ ठेवली आणि बाकीचा ट्रेस टाकून दिला. माणूस खोटं बोलत नव्हता, त्याच्या दृष्टीने लॉग खरंच पाठवला होता.

मूळ फाइल मागितली तर 'पॉलिसीत बसत नाही'. प्रत्यक्ष येऊन बघतो म्हटलं तर या म्हणाले. मग ठाण्याहून ट्रान्स-हार्बरने घणसोली, पुढे रिक्षा, गेटवर लॅपटॉपच्या सीरियल नंबरची नोंद, मोबाइलच्या कॅमेऱ्यावर स्टिकर, आणि वर गेल्यावर कळतं की ज्यांच्याकडे सर्व्हरचे राइट्स ते साहेब आज बेलापूरच्या ऑफिसात. याचा राग अजून गेलेला नाही. पण खरा खर्च प्रवासाचा नव्हता. त्या काळात इकडे सगळे अंदाजाने कोड बदलत होते. एका सिनियरने दिसेल तिथे ऑप्शनल चेनिंगचं प्रश्नचिन्ह-टिंब (किंमत नसेल तर एरर न देता गप्प पुढे जाणारं) पेरलं. एरर बंद झाली, मॅनेजर खूश, आणि पुढल्या रिपोर्टात अर्ध्या शाखांच्या नावाची जागा कोरी छापून आली. अनडिफाइन्ड कुठून आलं हे कळायच्या आत ते गिळायला शिकवू नका. तुमच्याही टीममध्ये कोणीतरी हे सुचवणारच, म्हणून आधीच सांगून ठेवतो.

तुम्ही आजच करण्यासारखं म्हणजे तिकिटात 'लॉग द्या' असं मोघम न लिहिता कमांडच लिहून द्या. ग्रेपला उणे चिन्हासह कॅपिटल ए आणि २० लावलं की सापडलेल्या ओळीनंतरच्या २० ओळीही येतात. मोघम मागितलं की मोघमच मिळतं, आणि वर 'दिलं होतं' हे ऐकून घ्यावं लागतं.

कायमचा उपाय आपल्या कोडमध्ये आहे. प्रत्येक नोंद एका ओळीचा जेसन (की आणि किंमत अशा जोड्यांचा मजकूर) करून लिहा आणि स्टॅक त्यातच एक फील्ड म्हणून घाला. ओळी तोडणारी चिन्हं जेसनमध्ये एस्केप होतात (ओळ न तोडता अक्षरांत लिहिली जातात), त्यामुळे पूर्ण ट्रेस एकाच ओळीत राहतो आणि कोणी कसाही ग्रेप मारला तरी सोबत येतो. इथे एक खड्डा आहे. एरर ऑब्जेक्ट थेट जेसन.स्ट्रिंगिफायला (जेसन बनवणाऱ्या फंक्शनला) दिलात तर हातात रिकामा महिरपी कंस येतो, कारण मेसेज आणि स्टॅक या प्रॉपर्टीज एन्युमरेबल (यादी काढताना दिसणाऱ्या) नसतात. नेम, मेसेज, स्टॅक आणि कॉज (मूळ कारण असलेली जुनी एरर) स्वतः उचलून ठेवा. लॉगिंगसाठी पिनो ही लायब्ररी वापरत असाल तर एरर 'ईआरआर' या की-खाली द्या, बाकी तो बघतो. विन्स्टन या दुसऱ्या लायब्ररीत एरर्सचा फॉरमॅट 'स्टॅक: ट्रू' करून लावावा लागतो, आपोआप होत नाही. आणि कोडमध्ये कुठे कॅचमध्ये (एरर पकडण्याच्या भागात) फक्त मेसेज लॉग करणारी ओळ असेल तर आधी ती शोधा. तसं असेल तर क्लायंटच्या आयटीला दोष देण्यात अर्थ नाही, ट्रेस घरातच गेला.

आम्ही हे केलं आणि ट्रेस मिळाला. तरी उपयोग शून्य! शाखांचं झाड उतरणारं एक रिकर्सिव्ह (स्वतःलाच पुन्हा बोलावणारं) फंक्शन होतं, आणि दहाच्या दहा फ्रेम त्या एकाच फंक्शनच्या. त्याला पहिल्यांदा बोलावलं कोणी, ते दिसेना. व्ही८ मुळात १०च फ्रेम ठेवतं. एरर.स्टॅकट्रेसलिमिट ५० करा, तेही प्रोग्रॅमच्या अगदी सुरुवातीला, कारण एरर बनते त्या क्षणी जी मर्यादा असेल तीच लागू होते. कोडला हात लावायचा नसेल तर नोड सुरू करतानाच स्टॅक-ट्रेस-लिमिटचा फ्लॅग देता येतो. ५० केल्यावर तळाशी रात्रीच्या रिपोर्टचा शेड्युलर (ठरल्या वेळी काम सुरू करणारा कोड) दिसला. तो बंद झालेल्या शाखाही पाठवत होता आणि त्यांना पालक-शाखाच नव्हती. लॅपटॉपवर हे कधीच दिसलं नसतं, कारण आमच्या टेस्ट डेटात बंद शाखा नव्हत्या. तुमच्याकडेही 'माझ्याकडे चालतं'चं मूळ डेटातच निघेल असा माझा कयास, पण तुमचा कोड मी पाहिलेला नाही. दर सेकंदाला शेकडो एरर फेकणारा कोड असेल तर मोठ्या मर्यादेची किंमत मोजावी लागते, तेव्हा मोजून ठरवा.

आता तुमच्या दुसऱ्या प्रश्नाकडे, डेटाबेसच्या एररमध्ये सगळ्या फ्रेम ड्रायव्हरच्या (डेटाबेसशी बोलणाऱ्या लायब्ररीच्या) आणि सॉकेटच्या (नेटवर्क जोडणीच्या), आपली फाइल एकही नाही. हे अगदी साहजिक आहे. एरर बनते सॉकेटवर उत्तर आल्यावर, तोवर तुमचं फंक्शन स्टॅकवरून कधीच उतरलेलं असतं. नोड १२पासून, म्हणजे २०१९पासून, व्ही८ 'ॲट असिंक' अशा फ्रेम जोडून मागची साखळी दाखवतं, पण ती अवेटच्या (उशिरा येणाऱ्या उत्तरासाठी थांबायच्या शब्दाच्या) आधाराने. मधे सेटटाइमआउट, इव्हेंट एमिटर किंवा जुना कॉलबॅक आला की साखळी तुटते. एका ओळीचा फरक बघा: असिंक (अवेट वापरू शकणाऱ्या) फंक्शनमधून प्रॉमिस (पुढे येणाऱ्या उत्तराचं वचन) तसाच रिटर्न केलात तर ते फंक्शन ट्रेसमधून गायब, 'रिटर्न अवेट' लिहिलंत तर हजर. पूर्वी ईएसलिंट या कोड तपासणाऱ्या साधनाचा एक नियम हा अवेट काढायला लावायचा. तो नियम आता डिप्रिकेटेड (मोडीत काढलेला) आहे, तुमच्या कॉन्फिगमध्ये राहिला असेल तर काढा.

जिथे साखळी तुटतेच तिथे कॉज वापरा. क्वेरीच्या जागी ट्राय-कॅच लावून नवी एरर फेका, मेसेजमध्ये कोणतं काम आणि कोणता आयडी ते लिहा, जुनी एरर कॉज म्हणून द्या. ईएस२०२२पासून (जावास्क्रिप्टची २०२२ची आवृत्ती) हे भाषेतच आहे. मग बाहेरचा ट्रेस तुमच्या फाइलचा आणि आतला ड्रायव्हरचा, दोन्ही मिळतात. आणि हो, स्टॅक एरर बनवताना पकडला जातो, फेकताना नाही. काही लोक मॉड्यूलच्या डोक्यावर एकच एरर बनवून ठेवतात आणि तीच सगळीकडे फेकतात. मग प्रत्येक ट्रेस त्या डोक्यावरच्या ओळीकडे बोट दाखवतो. नुसती स्ट्रिंग थ्रो करणाऱ्यांबद्दल मी काही बोलत नाही. स्ट्रिंगला स्टॅक नसतो, एवढंच.

फ्रंटएंडबद्दल तुम्ही विचारलं नाहीत, तरी थोडक्यात. मिनिफाय केलेल्या (जागा वाचवायला आक्रसलेल्या) फाइलमध्ये लाइन बहुधा १, म्हणून कॉलमचा आकडा जपा. सोर्स मॅप (आक्रसलेल्या कोडची जागा मूळ ओळीशी जुळवणारी फाइल) त्याच बिल्डचा हवा, कालचा चालत नाही. तो बरोबर दिसणारी पण चुकीची ओळ दाखवतो आणि ते मॅप नसण्यापेक्षा वाईट. मॅप पब्लिक सर्व्हरवर टाकू नका. नुसतं 'स्क्रिप्ट एरर' येत असेल तर फाइल दुसऱ्या डोमेनवरून येतेय. स्क्रिप्ट टॅगला क्रॉसओरिजिन आणि त्या सर्व्हरवर कॉर्सचा (दुसऱ्या डोमेनला परवानगी देणारा) हेडर, दोन्ही लागतात. टाइपस्क्रिप्ट (जावास्क्रिप्टमध्ये रूपांतर होणारी भाषा) असेल तर नोडलाही सोर्स मॅप चालू करायचा फ्लॅग द्या.

एरर येतच नाही, पण फंक्शनला नको तेव्हा कोण बोलावतंय हे बघायचं असेल, तर कन्सोल.ट्रेस, म्हणजे त्या जागी ट्रेस छापणारं फंक्शन. डीबगर लावायची परवानगी नसलेल्या सर्व्हरवर मी तेच वापरतो. फक्त ते एसटीडीएररवर (नेहमीच्या आउटपुटपासून वेगळ्या, एररच्या आउटपुटवर) छापतं, तेव्हा आयटीवाल्यांना दोन्ही आउटपुट मागा, नाहीतर परत घणसोली.

पूर्ण ट्रेस हाती आला की इथे टाका, सोबत नोडची आवृत्ती आणि स्टॅकट्रेसलिमिट किती ठेवलंय ते. ग्राहकांची नावं, टोकन, सर्व्हरचे पत्ते आधी खोडा. एरर मेसेजमध्ये ते कधीकधी असतात. फ्रेमच्या ओळी मात्र एकही कापू नका.