सांतियागोची वाट आणि कॅमेरा

प्रश्न : स्पेनमधील सांतियागोच्या पदयात्रेवरचा माहितीपट नुकताच पाहिला. त्यात प्रार्थना थोडी, आणि पायांचे फोड व एकेकाचे खासगी दुःख फार. वारी जवळून पाहिलेल्या मला ही तीर्थयात्रा वाटलीच नाही. दोष चित्रपटाचा की यात्रेचा?
– एक वाचक, दादर, मुंबई

उत्तर : आपल्याला जे खटकले ते त्या वाटेच्या घडणीतूनच आलेले आहे, असे मला वाटते. सांतियागो दे कॉम्पोस्तेलाच्या कॅथेड्रलमध्ये येशूचा शिष्य संत जेम्स याचे अवशेष आहेत, या श्रद्धेने मध्ययुगापासून लोक तिथे चालत जात आले आहेत. फ्रान्सच्या सीमेवरून पिरेनीज पर्वत ओलांडणारा सर्वांत परिचित मार्ग सुमारे ७८० किलोमीटरचा आहे. मात्र आषाढी एकादशीसारखा सर्वांनी मिळून गाठायचा दिवस तिथे नाही, दिंडी नाही, चोपदार नाही. ज्याला जेव्हा जमेल तेव्हा तो निघतो, पिवळ्या बाणांच्या खुणा पाहत बहुधा एकटाच चालतो. आपल्याकडे कॅमेरा टाळमृदंगाच्या गजरात उभा राहिला तरी भक्ती दिसते. तिथे त्याला एकाच माणसाच्या मागे महिनाभर जावे लागते, आणि वाटेवरच्या बुर्गोस शहरानंतरच्या सपाट, सावली नसलेल्या मेसेता पठारावर तो माणूस जे बोलतो तेच चित्रपटाचे द्रव्य ठरते.

शिवाय सगळेच यात्रेकरू श्रद्धाळू नसतात. किमान १०० किलोमीटर पायी चालून, वाटेतले शिक्के उमटवलेली पुस्तिका दाखवणाऱ्यास प्रमाणपत्र मिळते. त्यातही धार्मिक वा आध्यात्मिक हेतूने आलेल्यांचे वेगळे आणि इतरांचे वेगळे असते. तरीही क्रूस दे फेर्रो या लोखंडी क्रूसापाशी अनेक जण घरून आणलेला दगड ठेवतात. ओठ न हलवता केलेली ती प्रार्थनाच आहे, आणि ती टिपणाऱ्या दिग्दर्शकाला मी भक्तीकडे दुर्लक्ष केल्याचा दोष देणार नाही.

अशा माहितीपटांविषयी माझी तक्रार वेगळी आहे. स्वस्तात रात्रीचा आसरा देणाऱ्या ‘अल्बेर्गे’ या धर्मशाळांपैकी अनेक ठिकाणी पूर्वी ही वाट चाललेले स्वयंसेवक राबतात. वारकऱ्यांना पिठलं-भाकरी वाढणाऱ्या गावांचे मोल आपण जाणतो, म्हणून तिथली ही राबणारी माणसे पडद्यावर क्षणभरच दिसावीत याचे मला मनापासून वाईट वाटते.