५० लाखांचं होम लोन शेवटी नक्की कितीला पडतं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा की ५० लाखांचं कर्ज, ९ टक्के, २० वर्षं, हप्ता ४४,९८६, आणि ऑनलाइन कॅल्क्युलेटरवर एकूण परतफेड १ कोटी ७ लाख ९७ हजारांच्या आसपास दिसली तेव्हा तुमची झोप उडाली. त्यात एजंट म्हणतोय ३० वर्षं घ्या, हप्ता हलका होईल. तर यात कोणी फसवतंय का आणि खरी किंमत काय.

फसवत कोणी नाहीये, आकडा बरोबर आहे. ५० लाख मुद्दल आणि जवळजवळ ५८ लाख व्याज. पण तो आकडा म्हणजे खरी किंमत असंही नाही, काही बाजूंनी ती त्यापेक्षा जास्त आहे आणि एका बाजूने बरीच कमी, आणि हे मला कर्ज घेताना कोणी सांगितलं नव्हतं म्हणून जरा सविस्तर लिहितोय, कंटाळा आला तर सरळ शेवटी जा, ३० वर्षांचं तिकडे लिहिलंय.

आधी व्याज लागतं कसं ते बघा, कारण बहुतेकांची गडबड इथेच होते. लोकांना वाटतं ५० लाखांवर २० वर्षांचं व्याज एकदाच काढून ठेवलंय आणि आपण ते थोडं थोडं फेडतोय. तसं नसतं. दर महिन्याला जेवढं मुद्दल बाकी आहे तेवढ्यावरच त्या महिन्याचं व्याज लागतं. ९ टक्के म्हणजे महिन्याला पाऊण टक्का, ५० लाखांचा पाऊण टक्का ३७,५००. म्हणजे पहिल्या हप्त्यातले ३७,५०० व्याजात गेले आणि मुद्दल कमी झालं फक्त ७,४८६ ने. पुढच्या महिन्यात बाकी ४९,९२,५१४, त्याचं व्याज ३७,४४४. फरक किती पडला, तर ५६. एवढाच. हा ५६ चा फरक हळूहळू वाढत जातो आणि शेवटच्या काही वर्षांत कर्ज भराभर उतरतं, पण सुरुवातीला सगळं जागच्या जागीच असल्यासारखं वाटतं. तुमच्या कर्जात हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला १२ वर्षं उलटून जातील.

आता याच हिशोबाने पुढे चला. ५ वर्षं झाली, तुम्ही जवळपास २७ लाख भरलेत, बाकी किती असेल? ४४ लाख ३५ हजार. मी पहिल्यांदा हे बघितलं तेव्हा मला वाटलं एक्सेलमध्ये फॉर्म्युला चुकला. १० वर्षांनी, म्हणजे बरोबर अर्ध्या वाटेवर, बाकी ३५ लाख ५१ हजार. कर्ज निम्म्यावर यायला १४ वर्षं लागतात. म्हणून कोणी सात-आठ वर्षांत घर विकून दुसरीकडे जायचा विचार करत असेल तर त्याने २० वर्षांचा एकूण आकडा बघूच नये, त्याने त्या वर्षाच्या शेवटी बाकी किती राहील ते बघावं, कारण विकल्यावर आधी ते चुकतं करायचंय.

तुमच्या कॅल्क्युलेटरने एक गोष्ट गृहीत धरलीये की व्याजदर २० वर्षं ९ टक्केच राहणार. तुमचा दर फिक्स असेल तर ठीक, फ्लोटिंग, म्हणजे मधे मधे बदलणारा असेल तर हा आकडा फक्त आजच्यापुरता खरा. आणि माझी फसगत नेमकी इथे झाली. माझंही २० वर्षांचं, फ्लोटिंग. मधे दर वाढले, माझा हप्ता तेवढाच राहिला, मी खूश, म्हटलं आपल्याला काही झळ बसली नाही. चार वर्षांनी कशाला तरी स्टेटमेंट हवं होतं म्हणून काढलं तर उरलेले हप्ते २५० च्या वर. घेतले होते २४०! चार वर्षं एकही हप्ता न चुकवता भरून मी सुरुवातीपेक्षा मागे गेलो होतो. फोन केला तर पलीकडची व्यक्ती शांतपणे म्हणाली, सर तुमचा हप्ता वाढू नये म्हणून मुदत वाढवलीये, तसं पत्र पाठवलं होतं. पाठवलं असेलही, ढीगभर ईमेलमध्ये मी कुठे बघतोय, चूक माझी पण आहेच.

तुमच्या आकड्यांवर हे करून बघा. एक वर्ष झालं, बाकी ४९ लाख ६ हजार, उरलेले हप्ते २२८. दर ९ चा १० झाला आणि हप्ता तेवढाच ठेवला तर उरलेले हप्ते २८९ होतात. एका टक्क्याने पाच वर्षं वाढली, आणि पाच वर्षांचे हप्ते म्हणजे जवळपास २७ लाख. आणि समजा दर १० न होता थेट ११ झाला असता तर पहिल्या महिन्याचं व्याजच ४४,९७५ होतं, हप्ता ४४,९८६, म्हणजे मुद्दलात जाणार ११. अकरा हजार नाही, नुसते अकरा. त्या वेळी हप्ता वाढवावाच लागतो, पण सांगायचं एवढंच की दर वाढल्याचा मेसेज आला की हप्ता वाढला का हे विचारू नका, उरलेले महिने किती झाले ते विचारा, आणि जमत असेल तर हप्ता वाढवून मुदत होती तिथेच ठेवायला सांगा.

खर्चाची दुसरी बाजू म्हणजे वरचे किरकोळ म्हणून सांगितलेले पैसे. प्रोसेसिंग फी, कागदपत्र तपासणीची फी, मालमत्तेच्या मूल्यांकनाची फी, आणि सगळ्यात जास्त म्हणजे इन्शुरन्स. विमा वाईट नाही, इतकं मोठं कर्ज डोक्यावर असताना घरच्यांसाठी विमा हवाच, पण त्याचा एकरकमी प्रीमियम "काळजी नको, लोनमध्येच ॲड करतो" असं म्हणाले की तिथे थांबा. कारण कर्जात टाकलेला प्रत्येक १ लाख तुम्ही २० वर्षांत २ लाख १६ हजार करून फेडणार. हप्त्यात तो फक्त ९०० ने दिसतो म्हणून कोणाला बोचत नाही, आवळा देऊन कोहळा काढायचा प्रकार. खिशातून वेगळा भरता येत असेल तर वेगळा भरा, आणि तोच विमा बाहेर स्वतंत्र घेतला तर कितीला पडतो तेही विचारा. देखभाल, दुरुस्ती, घराचा कर हे कर्जात धरत नाहीत पण घर घेतलं म्हणूनच येतात. दुरुस्ती-देखभालीला वर्षाला घराच्या किमतीच्या साधारण १ टक्का बाजूला ठेवावा असा एक ठोकताळा लोक वापरतात, नव्या घराला कमी लागतो, जुन्या घराला तो पुरतही नाही.

आता ती कमी असलेली बाजू, म्हणजे तुमची झोप थोडी परत येईल. १ कोटी ८ लाख हा आकडा आजचे पैसे आणि २० वर्षांनंतरचे पैसे एकाच पोत्यात भरून केलेली बेरीज आहे. महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर २० व्या वर्षाच्या शेवटी भरलेले ४४,९८६ आजच्या जवळपास १७ हजारांइतके असतील. हप्ता तोच, तुमचा पगार मात्र तेव्हा (देवाच्या कृपेने) तोच नसेल. सगळे २४० हप्ते याच हिशोबाने आजच्या किमतीत आणले तर बेरीज ६९ लाखांच्या आसपास येते. म्हणजे ५० लाख आज वापरायचं खरं भाडं साधारण १९ लाख, ५८ नाही. व्याजावर तुमच्याकडे करसवलत मिळत असेल तर अजून थोडं कमी. पण यात एक मेख आहे, महागाईने ओझं हलकं होतं ते पगार महागाईबरोबर वाढला तरच, आणि पहिल्या पाच-सात वर्षांत तर याचा फारसा उपयोग नसतो, हप्ता सगळ्यात जास्त टोचतो तो तेव्हाच. त्यामुळे हे गणित धीर यायला चांगलं, मोठं कर्ज घ्यायचं निमित्त म्हणून वाईट. विकणारे लोक बरोबर त्यासाठीच वापरतात.

जादा पैसे भरण्याबद्दल तुम्ही विचारलं नाहीये पण विचारणारच आहात. वर्षभराने १ लाख जादा भरले आणि हप्ता तेवढाच ठेवला तर शेवटचे जवळपास १२ हप्ते गळून पडतात, व्याज वाचतं सव्वाचार लाखांच्या वर. तेच १ लाख १५ वर्षं झाल्यावर भरले तर वाचतं ५५ हजार. पैसे तेवढेच, फक्त त्यांना काम करायला वेळ किती मिळाला हा फरक. म्हणून बोनस आला की शेवटी बघू म्हणत ठेवून देऊ नका. दरवर्षी एक हप्ता जास्त भरलात तरी २० वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांत संपतं. मात्र आधी करारात बघा मुदतीआधी भरल्याबद्दल दंड आहे का, आणि भरताना लेखी सांगा की हप्ता कमी करू नका, मुदत कमी करा. आणि हो, हातात चार-सहा महिन्यांचा खर्च शिल्लक ठेवूनच भरा. माझ्या एका मित्राने सगळी शिल्लक कर्जात ओतली, दोन महिन्यांनी नोकरी गेली आणि घर चालवायला दुप्पट दराने पर्सनल लोन काढलं.

अजून एक, पाच वर्षांनी कोणीतरी फोन करेल की आमच्याकडे साडेआठ टक्के आहे, कर्ज इकडे आणा. ऐकून घ्या, पण मुदत विचारा. तुमची बाकी ४४ लाख ३५ हजार, राहिली १५ वर्षं. ते नवीन कर्ज पुन्हा २० वर्षांचं करून देतात, हप्ता ३८,४९१ होतो, घरात आनंदीआनंद, आणि एकूण भरणा जुन्यापेक्षा ११ लाख ४० हजारांनी जास्त. दर कमी होऊनसुद्धा! तेच १५ वर्षंच ठेवलं तर हप्ता ४३,६७७ च्या आसपास आणि वाचतात सव्वादोन लाखांच्या थोडे वर, त्यातून कर्ज हलवायच्या फीया वजा करा आणि मग ठरवा.

हे सगळं माझ्यावर विश्वास ठेवून मान्य करू नका, स्वतः करून बघा. एक्सेल किंवा तसलं कुठलंही शीट उघडा, चार कॉलम करा: बाकी, व्याज, मुद्दल, नवीन बाकी. व्याज म्हणजे बाकी गुणिले ९ टक्के भागिले १२. मुद्दल म्हणजे हप्ता वजा व्याज. नवीन बाकी म्हणजे बाकी वजा मुद्दल, आणि ती खालच्या ओळीत बाकी म्हणून घ्या. २४० ओळी खाली ओढा. शेवटची ओळ शून्याच्या जवळ आली (हप्त्यातले पैसे सोडल्यामुळे थोडे रुपये उरतील) की शीट बरोबर. मग मधल्या कुठल्याही ओळीत दर बदलून बघा, जादा पैसे टाकून बघा. अर्ध्या तासाचं काम आहे. कर्ज देणाऱ्यांकडून पण असाच परतफेडीचा तक्ता मागून घ्या, सही करायच्या आधी, आणि दोन्ही जुळवा. जुळले नाहीत तर मधे काहीतरी टाकलंय, बहुतेक वेळा तो विमाच असतो.

आता एजंटची ३० वर्षं. हप्ता ४४,९८६ वरून ४०,२३१ वर येतो, म्हणजे महिन्याला ४,७५५ वाचतात. त्याबदल्यात एकूण व्याज ५८ लाखांचं जवळपास ९५ लाख होतं. दहा वर्षं जास्त भरून हप्ता फक्त साडेदहा टक्क्यांनी हलका, कारण पहिल्या महिन्याचं ३७,५०० व्याज कितीही मुदत घेतली तरी आहेच, त्याच्या खाली हप्ता जाऊच शकत नाही. उलट १५ वर्षं घेतली तर हप्ता ५०,७१३ आणि व्याज ४१ लाख २८ हजार, ते झेपत असेल तर उत्तमच.

तरी ३० वाल्याची एक बाजू खरी आहे. जादा भरण्यावर दंड नसेल तर ३० वर्षांचं घेऊन दर महिन्याला स्वतःहून ४४,९८६ भरा, ते २० वर्षांतच संपतं, आणि एखाद्या वर्षी नोकरीचं काही झालं तर सक्ती फक्त ४०,२३१ ची राहते. कागदावर हा पर्याय २० वर्षांच्या कर्जापेक्षा सरस आहे, दोन्हीला दर एकच मिळत असेल तर. फक्त ते वरचे ४,७५५ दर महिन्याला न चुकता, कोणी मागत नसताना भरायचेत. मी २० च घेतलं, कारण माझे ते पैसे तिसऱ्या महिन्यापासून नवीन फोनच्या हप्त्यात गेले असते हे मला पक्कं ठाऊक होतं. तुमचं तुम्ही बघा.