नॉमिनीचा रकाना रिकामा, आणि हातात २६ दिवस

बडोद्याच्या रावपुऱ्यातून एका ताईंचं पत्र आलं आहे. दांडिया बाजारातल्या एका जुन्या वाड्यात राहिलेल्या सात कुटुंबांनी मिळून स्मृतिकोश उघडला होता. कपाळाला पट्टी लावून ज्याने त्याने आपली आठवण त्यात ठेवायची आणि बाकीच्यांनी ती हवी तेव्हा जशीच्या तशी अनुभवायची. ताईंच्या ८४ वर्षांच्या आजीच्या त्यात ४१ आठवणी आहेत. दोन वर्षांपासून आजींना विस्मृतीचा आजार आहे. आता कंपनीचे मालक बदलले आणि नव्या मालकांचा मेल आला: ९० दिवसांत हरकत न आल्यास हा कोश सार्वजनिक साठ्यात मिसळला जाईल. त्यातले ६४ दिवस गेले. ताई विचारतात, "काका घरात सगळ्यांत मोठे आहेत. त्यांच्या सहीने हरकत घेतली तर चालेल ना?"

नाही चालणार. अशी पत्रं मला सारखी येतात. कुणी मोठ्या मुलाची सही पुढे करतं, कुणी जुनं कुलमुखत्यारपत्र काढून आणतं. आजी हयात आहेत, आठवणी त्यांच्या आहेत आणि मोठेपणामुळे काकांना त्यावर काही हक्क येत नाही. कुलमुखत्यारपत्राचं म्हणाल, तर देणाऱ्याची मानसिक क्षमता गेली की ते भारतीय करार कायद्याच्या कलम २०१ प्रमाणे संपतं. म्हणजे गरज पडते नेमकं तेव्हाच ते हातातून जातं.

तुमचं सगळं प्रकरण एका कलमावर उभं आहे. डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायदा, २०२३ चं कलम १४: आपला मृत्यू झाला किंवा आपण अक्षम झालो, तर आपले हक्क कोणी वापरायचे ते माणूस आधीच नेमून ठेवू शकतो. अक्षमतेत मानसिक अस्वास्थ्य आणि शारीरिक दुर्बलता दोन्ही येतात. कोशाच्या अर्जात हा रकाना होता आणि तुम्ही तो रिकामा सोडलात. ताई, बँकेतल्या छोट्या ठेवीलाही आपण नॉमिनी लावतो. इथे आजीचं अख्खं आयुष्य ठेवताना तो का राहिला? मेल आल्यानंतरचे ६४ दिवस "बघू" म्हणत गेले, त्याचाही मला राग येतो, कारण सुरुवातीला हे काम एका सकाळचं होतं.

पण वाट अजून बंद झालेली नाही. करार कायद्याचं कलम १२ सांगतं की एरवी भान नसलेला माणूस ज्या वेळी भानावर असतो, त्या वेळी तो करार करू शकतो. तुम्हीच लिहिलं आहे की आजी सकाळी चहानंतर तास-दीड तास बऱ्या असतात, नावं ओळखतात, सुरसागरच्या विसर्जनाच्या गोष्टी सांगतात. तोच तास आपल्याला हवा आहे. या आजारात बऱ्याच जणांचा गोंधळ संध्याकाळी वाढतो, म्हणून दुपारनंतरची वेळ ठरवू नका.

त्या सकाळी त्यांच्यावर उपचार करणारे डॉक्टर घरी आलेले हवेत. त्यांनी आजींना तपासून तारीख आणि वेळ घालून दाखला द्यायचा, जुना दाखला नको. दोन साक्षीदार घरातले नकोत, ज्यांना काही मिळायचं आहे असेही नकोत. चित्रण पहिल्यापासून शेवटपर्यंत सलग ठेवा. "आजी, हो म्हण" असं कुणी बोललं तर सगळं वाया जाईल. हे काय आहे, कशासाठी आहे, हे त्यांना त्यांच्या शब्दांत सांगू द्या. दोन कागद तयार ठेवा, एक नामनिर्देशनाचा आणि एक त्यांच्या स्वतःच्या नावाने हरकतीचा. बँकेत सही गुजरातीत असेल तर इथेही गुजरातीतच.

आणि आजी म्हणाल्या, "राहू दे सगळ्यांसाठी", तर ते ऐका. त्या भानावर असताना त्यांचा शब्द शेवटचा, तुमचा किंवा काकांचा नाही.

कंपनीचं "हरकत नाही म्हणजे संमती" हे कलम मला टिकेलसं वाटत नाही. डेटा संरक्षण कायद्याच्या कलम ६ ला स्पष्ट कृतीतून दिलेली संमती लागते, गप्प बसणं म्हणजे संमती नव्हे. पण त्या भरवशावर थांबू नका. विरजण लागलेलं दूध परत दूध होत नाही, तशी साठ्यात मिसळलेली आठवण कुठल्याही आदेशाने वेगळी निघत नाही. ताईंनी १ मे १९६० ची एक आठवण कळवली आहे. गुजरात राज्य झालं त्या दिवशी वाड्याच्या ओट्यावर पुरुषमंडळी पुण्याला जायचं की काय हे बोलत बसली आहेत, आणि दहा वर्षांची आजी आईशेजारी तांदूळ निवडते आहे. आई हात न थांबवता म्हणते, "आपण कुठे जाणार, इथेच." नखाखाली खडा टोचतो तोही त्या आठवणीत आहे. हे परक्यांच्या ढिगात गेलं की कुठल्या भरपाईने परत यायचं?

हरकत आधी कंपनीच्या तक्रार अधिकाऱ्याकडे द्या. ती पायरी वगळून डेटा संरक्षण मंडळाकडे जाता येत नाही. तुम्ही वर्षाची वर्गणी भरता, म्हणून जिल्हा ग्राहक आयोगातही जाता येईल. पाच लाखांपर्यंतच्या सेवेला तिथे शुल्क नाही. कायदा तीन महिन्यांत निकाल म्हणतो, प्रत्यक्षात तारखांवर तारखा पडतात, त्यामुळे पहिल्याच दिवशी तात्पुरत्या मनाईचा अर्ज द्या, आयोगाला तो अधिकार आहे. मूळ मेल पुसू नका, पुराव्याला तोच लागेल.

आजी त्या दिवशी भानावर नसतीलच, तर पालक नेमण्यासाठी राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली अहमदाबादला उच्च न्यायालयात जाणं उरतं. ते २६ दिवसांत होईल असं मी म्हणणार नाही. वाड्यातल्या बाकीच्या सहा कुटुंबांनी आपापली हरकत आपणच द्यावी, तुमचा अर्ज त्यांना पुरणार नाही.

डॉक्टरांना आज फोन करा आणि एक नाही, तीन सकाळी मागून ठेवा.