पापागोआइट: पोपट नव्हे, कडधान्य

प्रश्न असा: ‘पापागोआइट’ या दुर्मिळ निळ्या खनिजाचं नाव स्पॅनिश ‘पापागायो’वरून, म्हणजे पोपटावरून आलं का? आणि त्याच्या जोडीनं सापडणारं खनिज ‘अजोआइट’ लिहावं की ‘आहोआइट’?

पोपटाचा काडीचा संबंध नाही. उच्चार जुळला की व्युत्पत्ती सापडली, ही सवय आता सुटायला हवी. खनिज आभाळी निळं आहे, तांब्यामुळे. कॅल्शियम, तांबं आणि अ‍ॅल्युमिनियमचं ते सिलिकेट. पोपटी रंग कुठून आणणार? ‘-आइट’ हा खनिजांच्या नावांत नेहमी येणारा प्रत्यय, तो सोडून देऊ. ‘पापागो’ हे अ‍ॅरिझोनातल्या वाळवंटी लोकांना इतरांनी दिलेलं नाव. शेजारच्या पिमा जमातीच्या बोलीत टेपरी नावाच्या, थोड्या पाण्यावर येणाऱ्या कडधान्यावरून त्यांना ‘टेपरीवाले’ म्हणत. स्पॅनिशांनी त्याचं ‘पापागो’ केलं. त्या लोकांनी १९८६ साली हे नाव अधिकृतपणे टाकलं आणि ‘टोहोनो ओओधम’, वाळवंटाचे लोक, हे स्वतःचं नाव घेतलं. खनिजाचं नामकरण १९६०चं, म्हणून दगडाला जुनंच नाव राहिलं. दक्षिण आफ्रिकेतल्या ज्या गावच्या स्फटिकात ही दोन्ही खनिजं अडकलेली मिळतात, त्या ‘मेसिना’चं २००३ साली ‘मुसिना’ झालं. संग्राहकांच्या चिठ्ठ्यांवर मात्र अजून मेसिनाच.

आता ‘अजो’. हे अ‍ॅरिझोनातलं, एकेकाळचं खाणीचं गाव. अजोआइटचं नाव याच्यावरूनच, आणि पापागोआइट प्रथम सापडलं तेही इथेच. स्पॅनिशमध्ये ‘आहो’ म्हणजे लसूण, म्हणून बहुतेक पुस्तकं ‘लसणीचं गाव’ असं लिहून मोकळी होतात. त्या भागात लसणीच्या चवीचा, खाता येणारा कंद असलेली एक रानलिली उगवते, हा त्यांचा पुरावा. मला तो अजिबात पटत नाही. स्पॅनिश येण्यापूर्वी ओओधम लोक तिथल्या खडकांतून तांबडा रंग काढत, आणि त्यांच्या भाषेत रंगाला ‘ओओहो’ म्हणतात. ज्या जागेवरून रंग आणायचा, तिला तिथले लोक बिननावाची ठेवतील का? परक्यांनी ‘ओओहो’ ऐकलं आणि आपल्या ओळखीचा ‘आहो’ त्यावर बसवला असावा. पहारेकऱ्याच्या ‘हू कम्स देअर’चं आपल्याकडे ‘हुकुमदार’ झालं, तसंच हे. लसूणवाल्यांनी लिलीकडे बोट दाखवण्याआधी तिथल्या माणसांना काय म्हणायचंय ते ऐकायला हवं होतं.

तेव्हा ‘अजोआइट’ लिहू नका. स्पॅनिश ‘ज’चा उच्चार ‘ह’. इंग्रजी अक्षरं पाहून ‘ज’ लिहिणं म्हणजे ओओधमांचा शब्द दुसऱ्यांदा मोडणं. ‘आहोआइट’ लिहिलं की निदान ‘ओओहो’चा हकार तरी कानावर येतो, आणि त्या गावाला रंगाचंच नाव असावं हे मला पुन्हा आठवतं.