वरच्या संघातून खाली उतरताना

प्रिय मित्रा,
अनेक आशीर्वाद.

पहिल्या संघातून काढून तुला राखीव संघात बसवलं, आणि आता ज्या छोट्या क्लबचं बोलावणं आलंय तिथं जाणं म्हणजे नाव घालवणं, असं तू लिहितोस. रंगावरून शिव्या देणाऱ्या टोळक्यापेक्षा आपली माणसं गप्प बसली हे तुला जास्त लागलंय. लागणारच.

वॉल्टर टल या काळ्या फुटबॉलपटूचं नाव तुझ्या कानावर आलं नसेल. 1888 साली इंग्लंडच्या फोकस्टनला जन्मला. वडील बार्बाडोसहून आलेले सुतार, आई तिथलीच, केंटची. दहा वर्षांचा व्हायच्या आत दोघंही गेले. मग तो आणि भाऊ एडवर्ड लंडनमध्ये बेथनल ग्रीनच्या अनाथाश्रमात. भावाला ग्लासगोच्या एका कुटुंबानं दत्तक घेतलं, तो पुढं दंतवैद्य झाला. वॉल्टर आश्रमातच राहिला, छापखान्याचं काम शिकला. क्लॅप्टन या हौशी क्लबकडून असा खेळला की 1909 मध्ये टॉटनहॅम या लंडनच्या मोठ्या क्लबनं त्याला उचललं.

त्याच वर्षी ऑक्टोबरात ब्रिस्टलला सामना होता. तिथल्या काही प्रेक्षकांनी त्याला रंगावरून इतक्या घाण शिव्या घातल्या की सामन्याला आलेल्या वार्ताहरानंच पेपरात त्यांची खरडपट्टी काढली. मैदानातला सर्वांत चांगला आघाडीवीर टलच होता, हेही लिहिलं. आणि थोड्याच दिवसांत टल पहिल्या संघाबाहेर! टॉटनहॅमकडून लीगचे त्याचे सामने भरले जेमतेम दहा. या दोन गोष्टींचा एकमेकींशी संबंध नाही, हे मला तरी कुणी पटवून देऊ शकणार नाही.

1911 मध्ये तो नॉर्थम्प्टनला गेला. लीगच्या पहिल्या वर्गातून सदर्न लीगमध्ये, म्हणजे तुझ्या हिशेबानं सरळ घसरण. पण तिथं व्यवस्थापक होता हर्बर्ट चॅपमन, ज्यानं पुढं हडर्सफील्डला आणि आर्सेनलला लीग जिंकून दिली. या माणसाला खेळाडू वाचता यायचा. आघाडीला खेळणाऱ्या टलला त्यानं मागं ओढून हाफबॅक केलं, आणि गडी खुलला. शंभराहून जास्त सामने खेळला तिथं. टलची गोष्ट सांगणारे ही वर्षं एका ओळीत उरकतात आणि पहिल्या महायुद्धावर येतात. मला हीच वर्षं मोठी वाटतात. रोज उठून सराव, शनिवारी सामना, आणि आपल्यावर विश्वास टाकणारा एक माणूस.

युद्धाचंही सांगतो. डिसेंबर 1914 मध्ये खेळाडूंची एक पलटण उभी राहिली, मिडलसेक्स रेजिमेंटची सतरावी. टल तिच्यात भरती झाला, बघता बघता सार्जंट झाला. 1916 मध्ये तोफांच्या माऱ्यानं मनावर परिणाम होऊन घरी परतला, सावरला, पुन्हा फ्रान्समध्ये सोमच्या आघाडीवर गेला. मे 1917 मध्ये सेकंड लेफ्टनंट झाला. लष्करी कायद्याच्या पुस्तकात शुद्ध युरोपीय वंशाचा नसलेल्याला असा हुद्दा नाही, असं छापलेलं असताना! (आपल्या मराठा पलटणी तेव्हा इराकात लढत होत्या. तिथं केस पांढरे झालेल्या सुभेदारालाही कालच्या गोऱ्या पोराच्या हाताखाली राहावं लागे.) इटलीत पियाव्हे नदी ओलांडून त्यानं घातलेल्या छाप्यानंतर जनरल लॉफर्डनं त्याच्या धैर्याची आणि थंड डोक्याची वाखाणणी केली. 25 मार्च 1918 ला फ्रान्समध्ये फाव्रेईजवळ तो पडला. बिलिंगहॅम नावाच्या शिपायानं, जो पूर्वी लेस्टरचा गोलकीपर होता, त्याला आणायची धडपड केली, जमलं नाही. देह मिळालाच नाही. वय एकोणतीस.

त्यानं सोसलं म्हणून तूही सोस, असा अर्थ काढू नकोस. त्याला दाद मागायला जागा नव्हती, तुला आहे. तारीख, सामना, साक्षीदार घालून संघटनेकडे लेखी तक्रार दे, पोच घे. तोंडी सांगून भागत नाही. तोंडी तक्रार सगळ्यांच्या सोयीची असते.

डिप्लोमाही अर्धवट सोडू नकोस. फुटबॉल पंचविशीतही संपू शकतो. टलच्या हातात छापखान्याची विद्या होती, ती मला त्याच्या गोलांइतकीच मोलाची वाटते.

राहिला नवा क्लब. मैदान केवढं, जर्सी कुणी दिली, लोक किती येतात हे नंतर बघ. आधी प्रशिक्षकाला भेट आणि विचार, "मला कुठल्या जागी खेळवणार, आणि का?" उत्तर देताना तो तुझ्या खेळाबद्दल बोलला, डावा पाय, हेडर, मागं येऊन चेंडू घेण्याची तुझी सवय असं काही, तर बिनधास्त जा. नुसतं "बघू, ये तर" म्हणाला तर थांब. आणि काहीही ठरलं तरी सही करण्याआधी करार मला पाठव.

तुझा,
सर