ध्वनिमुद्रण नसताना बाखच्या काळचं गाणं कळतं कसं?

तुम्ही विचारलंय की, जुनं युरोपीय संगीत 'त्या काळच्या पद्धतीनं' गाणारे कॉयर (समूहगायनाचे संघ) असतात, पण तेव्हा रेकॉर्डिंग नव्हतं, मग ही थापच नाही का?

थाप नाही, पण दाव्याला थोडं मीठ लावलेलं असतं. मी लहानपणी हार्मोनियम शिकलो. पुढे नोकरीनिमित्त जर्मनीत असताना एका हौशी कॉयरमध्ये चार वर्षं बास, म्हणजे सर्वांत खालचा पुरुषी आवाज, गायलो. तेवढ्या भांडवलावर सांगतो.

पुरावा सापडतो तो कागदांत. १७३० साली बाखनं, म्हणजे लाइपझिगच्या चर्चमधलं संगीत सांभाळणाऱ्या जर्मन संगीतकारानं, तिथल्या नगर परिषदेला एक निवेदन दिलं. एका कॉयरला निदान १२ गायक हवेत, चार आवाजांपैकी (वरून खाली सोप्रानो, आल्टो, टेनर, बास) प्रत्येकाला तीन. म्हणजे एखादा आजारी पडला तरी दोन कॉयरचं मोटेट (धार्मिक समूहगीत) निभावेल. (या दिवसांत पोरं आजारी पडतातच, शाळेच्या डॉक्टरनं औषधवाल्याला धाडलेल्या चिठ्ठ्या बघा, असंही त्यानं सुनावलंय!) १६ मिळाले तर उत्तम. याउलट १८२९ मध्ये संगीतकार मेंडेल्सोननं बर्लिनमध्ये बाखचं 'मॅथ्यू पॅशन' (येशूच्या यातनांची संगीतकथा) पुन्हा उभं केलं, तेव्हा गायक दीडशेच्या घरात होते. पुढे कानाला तीच सवय लागली.

पण १२ हा आकडा तरी पक्का का? १९८१ मध्ये संगीत-अभ्यासक जोशुआ रिफकिननं म्हटलं की तो हजेरीपट आहे, म्हणजे हाताशी असलेल्या एकूण गायकांची यादी. प्रत्यक्षात एका आवाजाच्या ओळीला एकच गायक असे. त्याचा आधार म्हणजे हाती उतरवलेल्या प्रती: बहुतेक ठिकाणी प्रत्येक आवाजाची एकच प्रत उरली आहे. विद्वान अजून भांडतात. मला तिघेचौघेच बरे वाटतात. एकट्यानं बास ओढायचा म्हणजे दम लागतो.

पट्टीचं कोडं आपल्याला चटकन कळेल. आज 'ए' म्हणजे पांढरी सहा, ४४० हर्ट्झ. हे कॉयर बाख गाताना तो बहुधा ४१५ला ठेवतात, म्हणजे आपली काळी चार. सोप्रानो खूश, आम्ही बासवाले तळ शोधत! लाइपझिगच्या चर्चमधला ऑर्गन मात्र याहून एक पूर्ण स्वर चढा होता, म्हणून बाखच्या ऑर्गनवाल्याची प्रत एक स्वर खाली लिहिलेली सापडते. असे पुरावे मला फार आवडतात.

सोळाव्या शतकातल्या पॅलेस्ट्रिना या इटालियन संगीतकारासारखं, बाखच्या आधीचं, वाद्यांशिवायचं गाणं बसवताना आमचा संचालक पियानो बंद करायला लावायचा. तंबोऱ्यातून आपोआप ऐकू येतो ना, तो गंधार त्याला हवा असे. हार्मोनियमचा गंधार चढा असतो, हे मला तिथं जाऊन उमगलं.

आता मीठ कुठं लागतं ते. बाखकडे वरचे आवाज मुलगे गात. हार्नोनकोर्ट आणि लेओनहार्ट या संचालकांनी बाखचे कँटाटा (चर्चसाठीच्या गायन-वादनाच्या रचना) ध्वनिमुद्रित करताना बव्हंशी मुलगेच घेतले. याउलट इंग्लिश संचालक गार्डिनरनं १९६४ मध्ये काढलेल्या मॉन्टेव्हर्डी कॉयरमध्ये सोप्रानो स्त्रिया आहेत, मासाआकी सुझुकींच्या बाख कॉलेजियम जपानमध्येही. कारण व्यवहाराचं आहे: तेव्हा मुलांचा आवाज उशिरा फुटे, त्यामुळे पंधरा-सोळा वर्षांची तयार पोरं सोप्रानो गाऊ शकत. आज ती कुठून आणायची?

सुरुवात करायची तर सुझुकींनी बसवलेलं बाखचं दोन कॉयरचं मोटेट 'झिंगेट डेम हेर्न' ऐका, हेडफोन लावून. दोन कॉयर डाव्या-उजव्या कानात वेगळे ऐकू येतात का, तेवढं बघा.