कूलरच्या पाण्यात जीव आपोआप तयार होतो का?

प्रश्न: ताई, माझी मुलगी नववीत आहे. जीवसृष्टी पाण्यात सुरू झाली असं वाचून आली नं आता म्हणते, कूलरच्या टाकीत आठवडाभरात अळ्या होतात म्हणजे पाण्यात आजही नवीन जीव तयार होतो. काय सांगू तिला?
– एक वाचक, मानेवाडा, नागपूर

उत्तर: दादा, पोरीने प्रश्न लाखमोलाचा विचारलाय! आधी अळ्यांचं. डेंग्यूचा डास टाकीच्या ओल्या भिंतीवर, पाण्याच्या जरा वर, बारीक काळी अंडी चिकटवून जातो, ती कोरडी पडली तरी कित्येक महिने टिकतात आणि पाणी वर आलं की फुटतात, म्हणून नुसतं पाणी फेकून भागत नाही, ब्रशने कडा घासाव्याच लागतात. जीवापासूनच जीव होतो हे लुई पाश्चर या फ्रेंच शास्त्रज्ञाने 1860च्या दशकात वाकड्या मानेच्या काचपात्रात सूप उकळून दाखवलं, हवेतले जंतू त्या वाकड्या मानेतच अडकायचे, म्हणून मान शाबूत होती तोवर सूप खराबच झालं नाही.

मग पहिला जीव कुठून आला? 1871 मधे डार्विनने हूकर या मित्राला पत्रात लिहिलं होतं की एखाद्या कोमट डबक्यात अमोनिया, फॉस्फरसचे क्षार, उजेड, वीज असं सगळं जमून प्रोटीन बनलं असेल, पण आज तसं काही बनलं तर आधीपासून असलेले जीव ते लगेच खाऊन टाकतील. मला तर हेच खरं उत्तर वाटतं, आता पाण्यात जागाच रिकामी नाहीये. त्यात हवेतला ऑक्सिजन, जो साधारण 240 कोटी वर्षांपूर्वीपर्यंत जवळपास नव्हताच, तो असे नाजूक रेणू टिकू देत नाही.

1953 मधे स्टॅनली मिलर या शास्त्रज्ञाने सुरुवातीच्या पृथ्वीची नक्कल म्हणून पाणी, मिथेन, अमोनिया, हायड्रोजन घेऊन त्यात ठिणग्या पाडल्या आणि अमिनो आम्लं, म्हणजे प्रोटीन ज्यांच्या साखळीने बनतं ते रेणू, मिळाली. पण ती एकमेकांना जोडताना पाण्याचा रेणू बाहेर पडतो, म्हणून भरपूर पाण्यात जोडणं अवघड, उलट तुटणंच सोपं. त्यामुळे काही शास्त्रज्ञ म्हणतात की काठावरची डबकी आटायची, परत भरायची, त्यात साखळ्या वाढल्या असतील. काहींचा भर खोल समुद्रातल्या गरम झऱ्यांवर आहे, असे झरे 1977 मधे पॅसिफिक महासागरातल्या गॅलापागोस बेटांजवळ सापडले.

साध्या रसायनांपासून जिवंत पेशीपर्यंतचा पूर्ण प्रवास अजून कोणी प्रयोगशाळेत करून दाखवलेला नाही, तेव्हा पोरीला पुढे केमिस्ट्री घ्यावीशी वाटली तर घेऊ द्या, तिथे भरपूर काम बाकी आहे.